बेसबॉल संघाची विजय टक्केवारी: कशी काढायची, कशी वाचायची? (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

क्रिकेटवर वाढलेला माणूस अमेरिकेतल्या मेजर लीग बेसबॉलचा तक्ता पहिल्यांदा उघडतो, तेव्हा त्याला त्यात गुणांचा रकानाच सापडत नाही. संघाचं नाव, विजय, पराभव आणि पुढे .५८० किंवा .४३२ असा एक आकडा, बस्स. सगळी क्रमवारी त्या एका आकड्यावर चालते. तो काढायला शाळेतला भागाकार पुरतो. वाचताना मात्र कशाला भागलं आहे, म्हणजे भाजकात काय धरलंय आणि काय सोडलंय, हे पाहिल्याशिवाय पुढे जाऊ नये. इथली बहुतेक उत्तरं शेवटी त्या भाजकापाशीच येतात.

विजय टक्केवारी काढायची कशी?

विजय ÷ (विजय + पराभव). एवढंच सूत्र.

लॉस एंजेलिस डॉजर्सने २०२४ च्या हंगामात ९८ सामने जिंकले, ६४ हरले. ९८ अधिक ६४ म्हणजे १६२. ९८ ला १६२ ने भागलं की ०.६०४९ येतं. तिसऱ्या दशांश स्थळापर्यंत पूर्णांकन केलं की .६०५. तक्त्यात तुम्हाला हाच आकडा दिसेल.

मग ६०.५ टक्के असं सरळ का लिहीत नाहीत?

बेसबॉलमध्ये प्रमाणं दशांशात, तीन स्थळांपर्यंत आणि सुरुवातीचं शून्य गाळून लिहायची जुनी पद्धत आहे. फलंदाजाची सरासरीही .३०० अशीच लिहितात. शंभराने गुणलं तर नेहमीची टक्केवारी मिळतेच. एकही सामना न हरलेल्या संघापुढे १.००० लिहितात.

तीन स्थळं पुरतात का? दोन संघांचा आकडा सारखाच आला तर?

पूर्ण हंगामाला सहसा पुरतात. १६२ सामन्यांत एका विजयाचं वजन सुमारे .००६ असतं, म्हणजे ९० विजय (.५५६) आणि ९१ विजय (.५६२) यांत गोंधळ व्हायला जागाच नाही. दोनच स्थळं लिहिली असती तर दोन्ही संघ .५६ वर दिसले असते.

पण छापायला तीन स्थळं असली तरी तुलना पूर्ण अपूर्णांकाची होते. कोविडमुळे २०२० चा हंगाम अवघ्या ६० सामन्यांचा झाला. सेंट लुइस कार्डिनल्सना त्यातले ५८ च खेळता आले: ३० विजय, २८ पराभव. सिनसिनाटी रेड्सनी सगळे ६० खेळून ३१ जिंकले, २९ हरले. तक्त्यात दोघांपुढेही .५१७ होतं. आत पाहिलं तर कार्डिनल्स .५१७२ आणि रेड्स .५१६७. एक विजय कमी असूनही नॅशनल लीगच्या (मेजर लीगच्या दोन लीगपैकी एक) सेंट्रल डिव्हिजनमध्ये, म्हणजे गटात, दुसरं स्थान कार्डिनल्सना मिळालं. तेव्हा स्वतः क्रमवारी लावत असाल तर पूर्णांकन अगदी शेवटी करा, मधल्या पायरीवर नको.

आयपीएलसारखे विजयाला दोन गुण देऊन भागलं नसतं का?

आयपीएलमध्ये साखळीत प्रत्येक संघ १४ सामने खेळतो आणि पावसात वाहून गेलेल्या सामन्याचा एकेक गुण वाटून देतात, म्हणून गुण चालतात. बेसबॉलचा हंगाम सहा महिने जवळजवळ रोज चालतो. पावसाने सामना पुढे ढकलला जातो आणि कधीतरी एकाच दिवशी दोन सामने खेळून भरून काढला जातो. त्यामुळे हंगामाच्या मधल्या कुठल्याही दिवशी एका संघाचे ९६ सामने झालेले असतात, दुसऱ्याचे १००. इथे नुसते विजय मोजले तर जास्त खेळलेल्या संघाला आयताच फायदा मिळेल.

भारतात बसून तक्ता पाहणाऱ्यांना हा फरक रोज सकाळी दिसतो. उन्हाळ्यात न्यूयॉर्कचा संध्याकाळी सातचा सामना आपल्याकडे पहाटे साडेचारच्या सुमारास सुरू होतो आणि आपण चहा घेईपर्यंत संपतो. लॉस एंजेलिसचा सातचा सामना सुरू व्हायलाच आपल्याकडे साडेसात वाजतात. सकाळी आठच्या तक्त्यात पूर्वेकडचे संघ एक सामना पुढे असतात आणि तरीही तुलना रास्त राहते, कारण प्रत्येकाला त्याच्या त्याच्या सामन्यांनी भागलेलं असतं.

क्रिकेटनेही हा मार्ग धरलाच की. कसोटीच्या जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत संघ सारख्या संख्येने कसोट्या खेळत नाहीत, म्हणून तिथली क्रमवारी मिळवलेल्या गुणांना मिळू शकणाऱ्या गुणांनी भागून ठरते.

बरोबरीत सुटलेल्या सामन्याचं काय करायचं?

या प्रश्नावर विजेतेपदं इकडची तिकडे झाली आहेत, म्हणून इथे जरा थांबू.

मेजर लीगमध्ये बरोबरी जवळपास होतच नाही. नऊ इनिंग्जनंतर गुणसंख्या सारखी असेल तर निकाल लागेपर्यंत जादा इनिंग्ज खेळतात. अपवाद क्वचित. २९ सप्टेंबर २०१६ ला शिकागो कब्ज आणि पिट्सबर्ग पायरेट्स यांचा सामना १-१ असताना पावसाने थांबला. प्लेऑफच्या चित्रात त्याने काहीच बदलणार नव्हतं, त्यामुळे तो पुन्हा खेळवला नाही. त्या वर्षी वर्ल्ड सिरीज (मेजर लीगची अंतिम फेरी) जिंकणाऱ्या कब्जची नोंद १०३ विजय, ५८ पराभव अशी राहिली. १०३ ला १६१ ने भागून .६४०. बरोबरीचा सामना वर धरला नाही, खालीही धरला नाही.

जपानमध्ये बरोबरी नेहमीची. तिथे जादा इनिंग्जना मर्यादा आहे आणि २०२१ मध्ये तर कोविडच्या नियमांमुळे सामने नऊ इनिंग्जवरच थांबवत होते. त्या वर्षी सेंट्रल लीगचा शेवट असा झाला: हान्शिन टायगर्स ७७ विजय, ५६ पराभव, १० बरोबरी. याकुल्ट स्वॅलोज ७३ विजय, ५२ पराभव, १८ बरोबरी. हान्शिनचे विजय चारने जास्त. पण जपानमध्येही बरोबरी भाजकातून वगळतात. ७७ ला १३३ ने भागून .५७९, ७३ ला १२५ ने भागून .५८४. लीगचं विजेतेपद याकुल्टला गेलं आणि पुढे जपान सिरीजही त्यांनीच जिंकली. हान्शिनच्या पाठीराख्यांचं दुःख मला कळतं, पण हिशेबात खोट नाही. बरोबरी वगळायची असं आधीच ठरलेलं असेल, तर बरोबरीत सुटलेला प्रत्येक सामना तुमचा भाजक वाढू देत नाही.

आता कोरियाचं २००९ साल. तिथल्या लीगने त्या काळात बरोबरी भाजकात धरली होती, म्हणजे परिणामी ती पराभवासारखी मोजली जात होती. किया टायगर्स ८१ विजय, ४८ पराभव, ४ बरोबरी. एसके वायव्हर्न्स ८० विजय, ४७ पराभव, ६ बरोबरी. १३३ ने भागलं तर किया .६०९, एसके .६०२. किया पहिले. तेच आकडे जपानी पद्धतीने मांडून पाहा: किया ८१ भागिले १२९ म्हणजे .६२८, एसके ८० भागिले १२७ म्हणजे .६३०. एसके पहिले! मैदानावरचा एकही चेंडू न बदलता क्रमवारी उलटते.

तिसरी पद्धतही आहे. अमेरिकन फुटबॉलच्या एनएफएलमध्ये बरोबरीला अर्धा विजय, अर्धा पराभव धरतात. माझ्या मते तिन्हींत ही सगळ्यांत न्याय्य आहे, कारण बरोबरीचं बक्षीसही नाही आणि शिक्षाही नाही. पण बेसबॉलची टक्केवारी काढताना तुम्ही ज्या लीगचा तक्ता पाहताय तिचाच नियम लावा, आपली आवड नको.

किती टक्केवारी चांगली समजायची?

.५०० म्हणजे ८१ विजय, ८१ पराभव. त्याच्या वर राहिलात तर हंगाम ठीक गेला. ९० विजय (.५५६) असले की प्लेऑफची आशा बऱ्यापैकी पक्की. १०० विजय (.६१७) म्हणजे लोक वर्षानुवर्षं आठवण काढतील असा संघ. उलट बाजूला १०० पराभव (.३८३) म्हणजे नामुष्की.

क्रिकेट किंवा बास्केटबॉलच्या सवयीने हे आकडे फिके वाटतात. एनबीएमध्ये गोल्डन स्टेट वॉरियर्सनी २०१५-१६ मध्ये ८२ पैकी ७३ सामने जिंकले, म्हणजे .८९०. बेसबॉलमध्ये १९०० नंतरचा सर्वोत्तम आकडा .७६३ आहे, १९०६ च्या शिकागो कब्जचा. इथे अव्वल संघही दर तीन सामन्यांत साधारण एक हरतो. रोज नवा पिचर (चेंडू टाकणारा) चेंडू हाती घेतो आणि एका दिवसाचा निकाल त्याच्यावर फार अवलंबून असतो, हे त्याचं एक मोठं कारण.

सर्वाधिक विजय आणि सर्वोच्च टक्केवारी एकाच संघाची असते ना?

असेलच असं नाही. एका हंगामात सर्वाधिक ११६ विजयांचा विक्रम दोन संघांच्या नावावर आहे: १९०६ चे कब्ज आणि २००१ चे सिॲटल मरिनर्स. कब्ज फक्त ३६ हरले, मरिनर्स ४६. १९०६ चा हंगाम १५४ सामन्यांचा होता. १६२ सामने अमेरिकन लीगमध्ये १९६१ पासून आणि नॅशनल लीगमध्ये १९६२ पासून आले. त्यामुळे विजय तेवढेच, पण टक्केवारी .७६३ आणि .७१६.

तळातही तसंच. २०२४ मध्ये शिकागो व्हाइट सॉक्स १२१ सामने हरले आणि १९६२ च्या न्यूयॉर्क मेट्सचा १२० पराभवांचा आधुनिक विक्रम मोडला. बातम्यांत ‘इतिहासातला सर्वांत वाईट संघ’ असं झळकलं. टक्केवारी पाहा: व्हाइट सॉक्स ४१ विजयांसह .२५३, मेट्स ४० विजयांसह .२५०, आणि १९१६ चे फिलाडेल्फिया ॲथलेटिक्स ३६ विजय, ११७ पराभवांसह .२३५. पराभवांची संख्या व्हाइट सॉक्सची जास्त, पण प्रमाणात ॲथलेटिक्स त्यांच्याहून खाली आहेत. एकोणिसाव्या शतकात गेलं तर १८९९ चे क्लीव्हलँड स्पायडर्स २० विजय आणि १३४ पराभवांवर, म्हणजे .१३० वर सापडतात.

एप्रिलमध्ये .८०० वर असलेला संघ पुढे घसरतोच का?

बहुतेक वेळा हो, आणि त्यात नवल नाही. टॅम्पा बे रेजने २०२३ ची सुरुवात सलग १३ विजयांनी केली. दोन आठवडे तक्त्यात १.००० झळकत होतं. हंगाम संपला तेव्हा ते ९९ विजय, ६३ पराभवांवर होते, म्हणजे .६११. डेट्रॉइट टायगर्सची १९८४ ची सुरुवात तर ३५ विजय, ५ पराभव अशी होती, .८७५. शेवट १०४ विजय, ५८ पराभव, .६४२. वर्ल्ड सिरीज त्यांनी जिंकली, पण .८७५ कुणाला टिकवता येत नाही.

भाजक लहान असला की एकेका सामन्याने आकडा जोरात हलतो. दहा सामन्यांनंतर एक विजय .१०० चा असतो, १६२ नंतर .००६ चा. दैवाचा वाटाही समजून घ्या. नाणं १६२ वेळा उडवलं तर ८१ छापे अपेक्षित, पण सहा-सात इकडेतिकडे होणं अगदी सामान्य. म्हणून ८७ विजयांचा संघ ८१ वाल्यापेक्षा खरोखर चांगला होता, असं नुसत्या टक्केवारीवरून छातीठोकपणे सांगता येत नाही. २०२० च्या छोट्या हंगामात डॉजर्स ४३ विजय, १७ पराभवांवर होते: .७१७. कागदावर २००१ च्या मरिनर्सपेक्षा किंचित वर. डॉजर्स तेव्हा जबरदस्तच होते, पण ६० सामन्यांचे .७१७ आणि १६२ सामन्यांचे .७१६ मी तरी एका पारड्यात टाकणार नाही.

‘गेम्स बिहाइंड’ (संघ किती सामन्यांनी मागे आहे) हा रकाना टक्केवारीतूनच येतो का?

नाही, तो वेगळा हिशेब आहे. पुढच्या संघाचे विजय वजा मागच्याचे विजय, अधिक मागच्याचे पराभव वजा पुढच्याचे पराभव, आणि त्या बेरजेचं अर्ध. २०२१ मध्ये सॅन फ्रान्सिस्को जायंट्स १०७-५५, डॉजर्स १०६-५६. एक अधिक एक, भागिले दोन, म्हणजे डॉजर्स एका सामन्याने मागे.

दोन संघांचे सामने समान नसतील तर हे दोन्ही हिशेब कधी कधी एकमेकांविरुद्ध बोलतात. नमुन्यादाखल समजा, एक संघ ६२-४१ आणि दुसरा ५८-३८. पहिल्याची टक्केवारी .६०२, दुसऱ्याची .६०४. अंतराच्या सूत्राने मात्र दुसरा संघ अर्ध्या सामन्याने मागे येतो. अशा वेळी वरचं स्थान टक्केवारीवाल्याला मिळतं.

एप्रिलची आणि मेची टक्केवारी घेऊन सरासरी काढली तर चालेल का?

चालणार नाही, आणि ही चूक फार लोक करतात. नमुना घ्या: एप्रिल १८-६ (.७५०), मे १२-१६ (.४२९). दोन्हींची सरासरी .५८९. खरं उत्तर ३० विजय, २२ पराभव, म्हणजे .५७७. मेमध्ये सामने जास्त झाले, त्यामुळे मेचं वजन जास्त धरायला हवं. घरच्या आणि बाहेरच्या मैदानांवरची टक्केवारी जोडतानाही हेच. आधी विजय आणि पराभव वेगवेगळे बेरीज करा, मग एकदाच भागा.

ठरावीक विजय गाठायला उरलेल्या सामन्यांत किती टक्केवारी लागेल?

संघ ५०-४० वर आहे आणि ९५ विजय हवेत असं समजा. उरले ७२ सामने, हवेत ४५ विजय. ४५ भागिले ७२ म्हणजे .६२५. आतापर्यंतची गती .५५६ होती. ती एवढी वाढवणं अशक्य नाही, पण सोपंही नाही.

सप्टेंबरमध्ये याच जातीचा ‘मॅजिक नंबर’ कानावर येतो. १६३ मधून आघाडीच्या संघाचे विजय आणि पाठलाग करणाऱ्याचे पराभव वजा करायचे. आघाडीवाल्याचे ९० विजय, दुसऱ्याचे ६५ पराभव असतील तर उत्तर ८. आघाडीवाल्याचा प्रत्येक विजय आणि दुसऱ्याचा प्रत्येक पराभव हा आकडा एकेकाने उतरवतो. शून्यावर आला की दुसरा संघ पुढे जाऊ शकत नाही.

संघाच्या रनांवरून टक्केवारीचा अंदाज बांधता येतो का?

येतो, आणि या साऱ्या विषयातलं मला सर्वांत आवडणारं सूत्र हेच आहे. बिल जेम्स या अमेरिकन अभ्यासकाने ते मांडलं: केलेल्या रनांचा वर्ग भागिले (केलेल्या रनांचा वर्ग + दिलेल्या रनांचा वर्ग). वर्गांची बेरीज असल्यामुळे त्याला पायथागोरसचं नाव मिळालं. पुढे अभ्यासकांना वर्गाऐवजी १.८३ हा घातांक जास्त नेमका आढळला, पण हाताने करायला वर्ग पुरेसा.

२००१ च्या मरिनर्सनी ९२७ रन केले, ६२७ दिले. वर्ग ८,५९,३२९ आणि ३,९३,१२९. उत्तर .६८६, म्हणजे १११ विजय. प्रत्यक्षात ११६. संघ थोर होताच, वर थोडी साथही मिळाली.

त्याहून बोलकं उदाहरण २०१२ च्या बाल्टिमोर ओरिओल्सचं. ७१२ रन केले, ७०५ दिले. सूत्राने .५०५, म्हणजे ८२ विजय. प्रत्यक्षात ९३! एका रनाच्या फरकाने संपलेल्या सामन्यांत ते २९-९ होते. त्यांचा बुलपेन (सामन्याच्या मध्यात उतरणारे राखीव पिचर) उत्तम होता हे मान्य, पण इतक्या चुरशीच्या सामन्यांत .७६३ पुन्हा कुठून आणणार? पुढच्या वर्षी त्याच प्रकारच्या सामन्यांत ते २०-३१ राहिले आणि एकूण विजय ८५ वर आले. हंगामाच्या मध्याला कुणाच्या आकड्यावर कितपत भरवसा ठेवायचा हे ठरवायचं असेल, तर तक्त्यातला रनांचा फरक जरूर पाहा.

दोन संघ समोरासमोर आले तर कोण किती वेळा जिंकेल?

पहिल्याची टक्केवारी ‘अ’, दुसऱ्याची ‘ब’ धरा. (अ − अ×ब) ÷ (अ + ब − २×अ×ब). हेही बिल जेम्सचंच. .६०० चा संघ .४०० च्या संघाशी खेळला तर .३६ ÷ .५२ म्हणजे .६९२. दहांत सात वेळा. उरलेल्या तीन वेळा तळाचा संघही जिंकतो.

जास्त टक्केवारी असूनही संघ मागे राहतो, असं का?

लीगमध्ये डिव्हिजन आहेत म्हणून. २०२२ पासून प्रत्येक लीगमधून सहा संघ प्लेऑफला जातात: तीन डिव्हिजन विजेते आणि तीन वाइल्ड कार्ड, म्हणजे उरलेल्यांतले सर्वोत्तम टक्केवारीचे संघ. डिव्हिजन विजेत्याला वरचं मानांकन मिळतं. २०२१ मध्ये, जुन्या रचनेत, डॉजर्स १०६ विजय (.६५४) मिळवूनही वाइल्ड कार्डच्या एकाच सामन्यावर अडकले होते. अटलांटा ब्रेव्ह्ज ८८-७३ (.५४७) असूनही डिव्हिजन विजेते होते. डॉजर्सनी तो एक सामना जिंकला, पण पुढे त्यांना हरवून ब्रेव्ह्जच वर्ल्ड सिरीजला गेले आणि ती जिंकलेही.

टक्केवारी अगदी सारखी आली तर आता जादा सामना खेळवत नाहीत. आधी आपसातल्या सामन्यांचा हिशेब पाहतात. २०२४ चा शेवट याने विलक्षण झाला. हेलीन वादळामुळे राहिलेले मेट्स आणि ब्रेव्ह्ज यांचे दोन सामने हंगाम संपल्याच्या दुसऱ्या दिवशी, ३० सप्टेंबरला अटलांटात झाले. ॲरिझोना डायमंडबॅक्सचे १६२ सामने आदल्या दिवशीच संपले होते, ८९-७३ वर. त्या दोघांपैकी कुणीही दोन्ही सामने जिंकले असते तर ॲरिझोना आत गेलं असतं. पहिला सामना मेट्सनी ८-७ असा जिंकला, दुसरा ब्रेव्ह्जनी ३-० असा. तिन्ही संघ ८९-७३, तिघांपुढे .५४९, आणि बाहेर राहिले ते डायमंडबॅक्स.

प्लेऑफचे सामने टक्केवारीत धरतात का?

नाही. तक्त्यात फक्त नियमित हंगाम. मार्चमधले सराव सामनेही नाहीत. पूर्वी बरोबरी तोडायला होणारा १६३ वा सामना मात्र नियमित हंगामातच मोजत. २०१८ मध्ये मिल्वॉकी ब्रुअर्स आणि कब्ज ९५-६७ वर बरोबरीत होते. ब्रुअर्स जिंकले, म्हणून त्यांची नोंद ९६-६७ आणि कब्जची ९५-६८ अशी दिसते.

मुलांच्या लीगचा तक्ता मी स्प्रेडशीटमध्ये ठेवतो. काय काळजी घ्यावी?

न्यू जर्सी किंवा बे एरियातल्या मराठी पालकांकडून हा प्रश्न हमखास येतो. विजय, पराभव आणि बरोबरी यांचे तीन वेगळे रकाने ठेवा, बरोबरी शून्य असली तरी. टक्केवारीच्या रकान्यात विजयांना विजय आणि पराभवांच्या बेरजेने भागा आणि दाखवायची तीन दशांश स्थळं ठेवा. मूळ आकडा पूर्णांकित करू नका. ज्या संघाचा अजून एकही निकाल लागलेला नाही तिथे शून्याने भागल्याची चूक दिसते, म्हणून बेरीज शून्य असल्यास रकाना रिकामा राहील अशी अट घाला. मुलांच्या सामन्यांना वेळेची मर्यादा असली की अंधार पडल्यावर बरोबरीत थांबणं होतंच, त्यामुळे बरोबरी वगळायची की अर्धा विजय धरायचा, हे लीगच्या संयोजकांना पहिल्या सामन्याआधी विचारून घ्या.